बाळंतिणीच्या मनाचे काय?

बी. ए. द्वितीय वर्ष

आईवर आपल्या भाषेत जितके लिहिले गेले, तितके क्वचितच दुसऱ्या कोणावर लिहिले गेले असेल. साने गुरुजींची ‘श्यामची आई’ १९३५ साली प्रसिद्ध झाली. आजही ती आवडीने वाचली जाते. परंतु आईवरचे पुष्कळसे गाजलेले लेखन लेकरांनी केलेले आहे, आणि आपण मांडीवर होतो ते दिवस कोणत्याच लेकराला आठवत नाहीत. त्यामुळे बाळंतपणानंतरचे पहिले महिने या लेखनातून जणू गळूनच गेले. त्या दिवसांत आईच्या मनाचे काय होते, हे सांगणार कोण?

माझ्या घरात कॉलेजची पायरी चढलेली मी पहिलीच. गेल्या वर्षी वहिनी माहेराहून दीड महिन्याचे बाळ घेऊन आली, तेव्हा शेतात कापसाची वेचणी सुरू होती. ती रात्र रात्र जागी राहायची. बाळाला अंगावर घेतले की हिच्याच डोळ्यांतून पाणी वाहायचे. कोणी म्हणाले नजर लागली. मीठ-मोहऱ्यांनी दृष्ट काढली गेली. शेजारची आजी कळवळून म्हणायची, “रडू नोको वं माय, दूध आटीन.” आजीच्या बोलण्यात माया होती, पण त्याने वहिनीच्या डोक्यावर आणखी एक ओझे चढले. आता तिला रडायचीही चोरी झाली.

खरे तर यात नजरेचा काही संबंध नाही. बाळंतपणानंतर शरीरातील काही संप्रेरके एकदम उतरतात. पहिल्या आठवड्यात रडू येणे, चिडचिड होणे पुष्कळ जणींना होते व दोन आठवड्यांत ते निवळते. परंतु उदासी त्याहून अधिक टिकली, बाळ झोपले तरी हिला झोप येईना, धास्तीने जीव सारखा उडत राहिला, तर तो आजार समजावा. दुधाचेही असेच आहे. बाळ चोखू लागले की ऑक्सिटोसिन या संप्रेरकामुळे पान्हा फुटतो. फार काळजी असली की तो अडखळतो. मग घरचे म्हणतात, ‘हिला दूध पुरत नाही.’ त्या बोलण्याने काळजी वाढते आणि पान्हा आणखी अडखळतो.

गोव्यात डॉ. विक्रम पटेल व त्यांच्या सहकाऱ्यांनी केलेला एक अभ्यास २००२ साली प्रसिद्ध झाला. त्यात प्रसूतीनंतर सहा ते आठ आठवड्यांनी २३ टक्के मातांना नैराश्य आढळले, आणि त्यांतील निम्म्याहून अधिक जणी सहा महिन्यांनीही बऱ्या झालेल्या नव्हत्या. गरिबी आणि नवऱ्याशी न पटणे ही त्याची महत्त्वाची कारणे. मुलगी झाली असेल तर मारझोड व उपासमार यांचा घाव अधिक खोल. हे सारे आपल्या वऱ्हाडात नाही, असे छातीठोकपणे कोण म्हणेल?

काही वडीलधारी म्हणतात, “आमच्या वेळी नव्हते असले काही.” होते, त्याला ‘बाहेरचे लागले’ म्हणत असत. जुन्या चालीरीती टाकून द्याव्यात असे मला म्हणायचे नाही. सव्वा महिन्याची विश्रांती, शेक, डिंकाचे लाडू यांत शहाणपण आहे. पण जिला मजुरीला जाणे भाग आहे, तिला एवढी विश्रांती कोण देणार? २०१७ च्या दुरुस्तीने मिळालेली २६ आठवड्यांची पगारी रजा नोकरदार बाईची. कापूस वेचणारीला तिचा काय उपयोग?

तरीही बरेच काही करता येते. वहिनीची आई महिनाभर येऊन राहिली, रात्रीचे बाळ तिने सांभाळले, आशाताईंनी डॉक्टरांकडे नेले आणि वहिनी सावरली. अंगावर पाजणाऱ्या आईलाही देता येतील अशी औषधे आहेत. ती डॉक्टरांच्या सल्ल्यानेच घ्यावीत. १४४१६ या ‘टेली-मानस’ क्रमांकावर फुकट बोलता येते. मात्र स्वतःच्या वा बाळाच्या जिवाचे बरेवाईट करण्याचे विचार आले, तर त्याच दिवशी दवाखाना गाठावा आणि तिला एकटे सोडू नये.

आशाताई नवजात बाळाच्या घरी ४२ दिवसांपर्यंत ठरलेल्या दिवशी भेटी देतात. घरी जाऊन नवजात बाळाची काळजी घेण्याची ही पद्धत आपल्याच विदर्भात, गडचिरोलीत डॉ. अभय व डॉ. राणी बंग यांनी उभी केली. त्याच भेटीत ‘ताई, तुमचे मन कसे आहे?’ हाही प्रश्न प्रत्येक घरी विचारला जावा.

प्राध्यापकांना माझी नम्र विनंती आहे. राष्ट्रीय सेवा योजनेच्या शिबिरात आपण दत्तक गावात रस्ते झाडतो, झाडे लावतो. यंदा एक दुपार बाळंतिणी, त्यांच्या सासवा आणि नवरे यांच्यासाठी ठेवावी व एखाद्या डॉक्टरांना बोलवावे. आणि मित्रांनो, हा मुलींचा विषय म्हणून पान उलटू नका; उद्या तुम्हीही बाप होणार आहात. बारशाला आपण बाळासाठी झबले-टोपडे घेऊन जातो. तिथे घटकाभर बाळाच्या आईजवळही बसावे, आणि ती बोलू लागली तर मध्ये न बोलता ऐकून घ्यावे.