अंदाजे म्हणजे किती?

रविवारी रात्री मेस बंद. त्यामुळे सांगलीत आमच्या रूमवर वडापाव आणि लॅपटॉप हा ठरलेला बेत. अशाच एका रविवारी ‘फूड वॉर्स’ ही 2015 साली आलेली जपानी ॲनिमे सिरीज हाती लागली. (शिक्षण कॉन्व्हेंटचं, तेव्हा शुद्धलेखन संपादकांनी सांभाळून घ्यावं.)

खानावळवाल्याचा पोरगा सोमा तोत्सुकी नावाच्या बड्या पाककला अकादमीत शिकायला येतो. तिथल्या शरद स्पर्धेच्या पहिल्या फेरीचा विषय असतो, करी! हायामा हा मसाल्यांचा वास ओळखण्यात पटाईत. तो माशाच्या डोक्याच्या करीत चक्क तुळस घालतो. आपली वृंदावनातली तुळस, जी आपण फक्त काढ्यात घालतो! सोमा ऑम्लेटखाली करीतला भात लपवतो आणि त्यात आंब्याची चटणी. हायामाला 94, सोमाला 93. हिरो एका मार्काने मागे! (पहिल्या घासाला परीक्षकांचे कपडे उडतात, तेव्हा सिरीज आईबाबांसमोर लावू नका.)

मित्र म्हणाले, सोमावर अन्याय झाला. मला नाही वाटत. हायामा जिंकला कारण कुठला मसाला कधी घातला की वास टिकतो, हे तो शिकला होता. तिथे स्वयंपाक हा चक्क अभ्यासाचा विषय आहे, प्रयोगशाळेसकट.

आणि आपल्याकडे? ‘हाताची चव’! मागच्या वर्षी साताऱ्याला आईचा हात फ्रॅक्चर झाला. दीड महिना प्लास्टर. मी आणि बाबा, दोघे शिकलेसवरलेले पुरुष, आमटी करू शकलो नाही. आई खुर्चीत बसून सांगायची, “हळद अंदाजे घाल रे.” अंदाजे म्हणजे किती? एकदा आमटी कडू, एकदा पांढरीफटक. तेव्हा कळलं, ‘तुझ्या हाताला चव आहे’ हे कौतुक फार सोयीचं असतं. चव हातातच असेल तर दुसऱ्या कुणी शिकायचं कारणच उरत नाही. आई मात्र जन्मभर ओट्यापाशी.

हा अंदाज मोडणारी बाई आपल्याच भागातली. कमलाबाई ओगले, जन्म 1913, गाव कुंडल. शाळा चौथीपर्यंत. 1970 साली त्यांचं ‘रुचिरा’ आलं, ते वाटी-चमच्याच्या मापात. नव्या सुनेला किंवा परदेशी गेलेल्या मुलाला घरातल्याच वाटीने मोजता यावं, इतकं सोपं. (सांगली जिल्ह्याचं नाव 1960 पर्यंत ‘दक्षिण सातारा’ होतं, म्हणजे कमलाबाई आम्हा सातारकरांच्याही!)

सांगलीच्या हळदीला 2018 मध्ये जीआय मिळाला. आम्ही रोज मार्केट यार्डावरून जातो, त्या वासात. पण हळद फोडणीत, गरम तेलातच का घालतात, हे आम्हा चौघा भावी इंजिनिअरांना माहीत नव्हतं. हळदीतलं कर्क्युमिन पाण्यात जवळजवळ विरघळत नाही, तेलात विरघळतं. आईला रसायनाचं नाव माहीत नाही, पण ती वीस वर्षं तेच करतेय.

परवा रविवारी मी फोन केला. “आई, चार माणसांच्या आमटीला हळद किती?”

“अरे, अंदाजे...”

“चमच्याने सांग.”

ती वैतागली, फोन ओट्यावर ठेवला. डबा उघडल्याचा आवाज आला. मग म्हणाली, “थांब हं... पाव चमचा. मी कधी मोजलंच नव्हतं रे.”