अलाँ रेने आणि निनावी शिल्पकार

१/ चित्रकारावर माहितीपट करायचा, तर कॅमेरा कुठे ठेवावा? त्याच्या चेहऱ्यासमोर की त्याच्या चित्रासमोर? फ्रेंच दिग्दर्शक अलाँ रेने (१९२२–२०१४) यांनी या प्रश्नाशी अनेक वर्षे झुंज दिली. १९५९ च्या ‘हिरोशिमा मोनामूर’ने त्यांना जगभर कीर्ती दिली आणि त्याआधीचे लघुपट केवळ उमेदवारीचे मानले गेले. हा त्या लघुपटांवर अन्याय आहे.

२/ आरंभ रूढ वाटेनेच झाला. १९४७ साली रेने यांनी हान्स हार्टुंग, फेलिक्स लाबिस, ऑस्कर दोमिंगेझ आदी चित्रकारांच्या चित्रशाळांत जाऊन छोटे मूक लघुपट केले.

३/ १९४८ च्या ‘व्हॅन गॉग’मध्ये मात्र माणूस पडद्यावरून नाहीसा झाला. त्याचे सारे आयुष्य त्याच्याच चित्रांतून उलगडते. चौकटी दिसत नाहीत; एका चित्रातल्या घरातून दुसऱ्या चित्रातल्या खोलीत शिरावे, तसा कॅमेरा फिरतो. या लघुपटाला ऑस्कर मिळाले.

४/ यावर दोन आक्षेप संभवतात. पहिला रंगाचा: लघुपट कृष्णधवल असल्याने व्हॅन गॉगचा पिवळा त्यात उरला नाही. दुसरा इतिहासाचा, आणि अधिक गंभीर. चित्र म्हणजे रोजनिशी नव्हे. चित्रांची माळ ओवून चरित्र सांगितले, की कल्पना आणि जगणे यांतली सीमा पुसट होते. ज्याची शेकडो पत्रे उपलब्ध आहेत, त्याच्या बाबतीत ही उणीव विशेष जाणवते.

५/ समीक्षक आंद्रे बाझाँ यांनी या पद्धतीची बाजू घेतली. चित्राची चौकट नजर आत ओढते, पडदा ती बाहेर पसरवतो. म्हणून असा चित्रपट चित्राची नक्कल न राहता नवी कलाकृती ठरतो, असा त्यांचा आशय होता. सौंदर्यशास्त्रापुरते हे उत्तर पुरते. इतिहासाचा आक्षेप तसाच उरतो.

६/ १९५० च्या ‘गेर्निका’त रेने यांनी रोबेर एसेन्ससह वेगळी वाट धरली. पिकासोची चित्रे, रेखाटने आणि शिल्पे येथे आहेत, पण पिकासोचे चरित्र नाही. विषय आहे २६ एप्रिल १९३७ रोजी बॉम्बहल्ल्यात उद्ध्वस्त झालेले बास्क गाव. चित्र आता चित्रकाराविषयी नव्हे, घटनेविषयी साक्ष देते.

७/ ‘गेर्निका’ची संहिता कवी पॉल एल्युआर यांची. पुढे ‘रात्र आणि धुके’साठी (१९५६) रेने यांनी माउटहाउझेन छळछावणीतून वाचलेले कवी झाँ केरोल यांना निवडले, तर ‘हिरोशिमा मोनामूर’साठी मार्गरित द्यूरास यांना. लेखकांना त्यांनी कॅमेऱ्यासमोर बसवले नाही. चित्रपटाची वाणीच त्यांच्या स्वाधीन केली.

८/ या पद्धतीची खरी कसोटी लागली ती १९५३ च्या ‘मूर्तीही मरतात’ या लघुपटात. क्रिस मार्कर आणि गिस्लाँ क्लोके त्यात सहभागी होते. विषय होता आफ्रिकी शिल्पकला. ग्रीक आणि इजिप्शियन मूर्ती लुव्र संग्रहालयात, मग आफ्रिकी मूर्ती मानववंशशास्त्राच्या संग्रहालयात का, या प्रश्नातून तो घडला.

९/ या मूर्ती घडवणाऱ्यांची नावे गोळा करणाऱ्यांनी क्वचितच नोंदवली. येथे पत्रे नाहीत, चित्रशाळा नाही, चेहरा नाही. उरते ती केवळ कृती. व्हॅन गॉगच्या बाबतीत जी पद्धत अपुरी होती, तीच येथे सर्वांत प्रामाणिक ठरते.

१०/ वसाहतवादावरील टीकेमुळे सेन्सॉरने हा लघुपट अडवला. १९५४ चा झाँ व्हिगो पुरस्कार मिळूनही दहा वर्षांहून अधिक काळ फ्रान्समध्ये तो पूर्ण स्वरूपात दाखवता आला नाही. मूर्ती काचेत ठेवण्यास कोणाची हरकत नव्हती. ती तिथे कशी पोहोचली, हे विचारण्यास होती.

११/ म्हणून रेने यांचे हे लघुपट इतिहासाच्या अभ्यासकाने अवश्य पाहावेत. संग्रहालयातल्या पाटीवर प्रदेश, साहित्य आणि काळ लिहिलेला असतो. घडवणाऱ्याचे नाव अनेकदा नसते. त्या रिकाम्या जागेपुढे जरा अधिक वेळ थांबण्याची सवय हे लघुपट लावतात.