पिल्ले न सोडणारा मासा

प्रवाळखडकांत राहणाऱ्या डॅमसेल कुळातील बहुतेक माशांचे पालकत्व अंडी फुटली की संपते. इवलासा जीव प्रवाहाबरोबर खुल्या समुद्रात जातो, काही आठवडे वाहत राहतो आणि वाचलाच तर कोणत्या तरी खडकाचा आश्रय घेतो. मातापित्यांशी त्याची पुन्हा गाठ नाही.

ऑस्ट्रेलियाच्या ग्रेट बॅरियर रीफवरील स्पायनी क्रोमिस या रीतीला अपवाद आहे. लांबी फार तर १४ सेंटिमीटर. कपारीतील अंड्यांवर नर आणि मादी दोघेही पहारा देतात. पिल्ले बाहेर आल्यावरही त्यांचा थवा कित्येक आठवडे मातापित्यांच्या भोवतीच वावरतो. पिल्ले मोठ्यांच्या अंगाला हलकेच चाटून जातात व त्वचेवरील बुळबुळीत स्राव टिपतात. जलचरांना पंचेंद्रिय तिर्यंचांत गणणाऱ्या जैन वाचकाला या वात्सल्याचे नवल कदाचित कमी वाटेल.

परंतु या मायेला मोल पडते. पिल्ले दूर जात नाहीत, म्हणून एका खडकावरील वंश खुंटला तर बाहेरून येऊन तो सावरणारे फारसे कोणी नसते. २०१६ पासून रीफचे पाणी वारंवार तापून प्रवाळ पांढरे पडत आहेत. दोन पिढ्या उष्ण पाण्यात वाढविल्यास या माशांची संतती त्या उष्णतेत अधिक सक्षम ठरते, असे प्रयोगशाळेत दिसले आहे. मात्र प्रयोगशाळेच्या टाकीत कपार शाबूत असते. समुद्रात प्रवाळ मेले की तीही हळूहळू ढासळते.