१९ वर्षांची गॅप!

सीव्हीत सहा महिन्यांची गॅप दिसली तरी इंटरव्ह्यूत आपल्याला घाम फुटतो. म्हणूनच आज ओळख करून घेऊया रॉन फ्रिकची. या अमेरिकन कॅमेरामनच्या दोन फिल्म्समध्ये चक्क १९ वर्षांचं अंतर आहे. १९९२ साली ‘बराका’ आणि मग थेट २०११ साली ‘संसारा’!

गडी नाव कमावून होता. गॉडफ्री रेजिओच्या ‘कोयानिस्कात्सी’चा (१९८२) कॅमेरा त्याचाच. धावणारे ढग, रात्रीच्या रस्त्यांवरून वाहणारे गाड्यांचे दिवे आणि सोबत फिलिप ग्लासचं संगीत. निवेदन नाही, संवाद नाहीत. पुढे स्वतः दिग्दर्शक झाल्यावरही त्याने हाच हट्ट धरला. बोलायचं ते निसर्गाने, माणसांच्या चेहऱ्यांनी आणि संगीताने.

पण हे काम घाईचं नाही, बॉस. टाइम-लॅप्सचं साधं गणित बघा. मिनिटाला एक फ्रेम घेतली, तर चोवीस तासांच्या १४४० फ्रेम्स होतात. पडद्यावर सेकंदाला २४ फ्रेम्स लागतात. म्हणजे अख्ख्या दिवसाचं फक्त एक मिनिट! ‘संसारा’साठी तो जवळपास पाच वर्षं, २५ देशांत शूटिंग करत होता. आपल्या लडाखमध्येही येऊन गेला.

आपण मात्र वर्षभराचा हिशोब अप्रेझलच्या एका फॉर्मात बसवतो आणि रकाना रिकामा राहिला की हिरमुसतो. काही कामं पिकायला वेळ घेतात, एवढंच.

या वीकएंडला ‘बराका’ बघाच. जेमतेम दीड तासाची आहे. तेवढा वेळ मोबाइल मात्र दुसऱ्या खोलीत. जमेल?