किडनी काढली, पण कागदावर नोंद कुठे आहे?

"किडनीचं ऑपरेशन झालंय" असं सांगणारे रुग्ण ओपीडीत रोज भेटतात. पण ऑपरेशन नेमकं कसलं? खडा काढला, की किडनीच काढली? डावी की उजवी? बऱ्याच जणांना सांगता येत नाही. त्यात त्यांचा दोष नाही. ही माहिती त्यांच्या प्रत्येक कागदावर ठळक असायला हवी होती. ती नसते, आणि त्याची जबाबदारी आम्हा डॉक्टरांची आणि रुग्णालयांची आहे.

नोंदीची सोय आहे, वापर नाही

जागतिक आरोग्य संघटनेच्या 'आयसीडी-१०' या रोगवर्गीकरणात प्रत्येक आजाराला एक कोड असतो. विम्याच्या कागदांवर तुम्ही तो पाहिला असेल. त्यात अवयव काढल्यानंतरच्या स्थितीलाही स्वतंत्र कोड आहेत. किडनी काढलेली असेल तर झेड ९०.५. मूत्राशय, म्हणजे लघवीची पिशवी, किंवा मूत्रमार्गाचा दुसरा अवयव काढलेला असेल तर झेड ९०.६. जन्मतःच एक किडनी नसेल तर कोड वेगळा, क्यू ६०.०. किडनी प्रत्यारोपण झालेल्यांसाठी झेड ९४.०. प्रत्यारोपणात रुग्णाच्या जुन्या किडन्या बहुतेक वेळा जागेवरच ठेवतात, म्हणून हा फरक महत्त्वाचा.

प्रत्यक्षात काय होतं? ज्या आजारासाठी पैसे मंजूर होतात, त्याचा कोड न चुकता लिहिला जातो. झेडने सुरू होणाऱ्या या कोडमुळे बिलाची रक्कम बदलत नाही, म्हणून ते राहून जातात. कधी याच्या उलटही घडतं. कॅन्सरमुळे किडनी काढून बरीच वर्षं झालेली असतात, रुग्ण बरा असतो, तरी दर वेळी सी ६४, म्हणजे किडनीचा चालू कॅन्सर, असंच लिहिलं जातं. तिथे पूर्वी कॅन्सर होऊन गेल्याचा झेड ८५.५ आणि सोबत झेड ९०.५ हवा. जो आजार गेला तो कागदावर राहतो, आणि जो अवयव गेला तो कागदावर येतच नाही!

एवढं काय बिघडतं?

बिघडतं. एक किडनी गेली की दुसरी हळूहळू मोठी होते आणि बरंचसं काम उचलते. त्यामुळे रक्तातलं क्रिएटिनिन नॉर्मलच्या आसपास असू शकतं. म्हणजे रक्ततपासणीवरून अवयव नाही हे कळेलच असं नाही. ते सांगणारा कागदच लागतो.

दोन किडन्या असलेल्या माणसाचा खडा एका मूत्रवाहिनीत अडकला, तर दुसरी किडनी काम चालू ठेवते. एकच किडनी असेल आणि तिच्याच नळीत खडा अडकला, तर लघवी पूर्ण बंद होऊ शकते. ही तातडीची परिस्थिती असते. गुडघेदुखीसाठी महिनोन् महिने घेतलेल्या डायक्लोफिनॅकसारख्या गोळ्या, जेंटामायसिन किंवा अमिकासिनची इंजेक्शनं, सीटी स्कॅनचं रंगद्रव्य, या सगळ्याचा निर्णय एका किडनीच्या माणसात जास्त जपून घ्यावा लागतो. पण डॉक्टरला माहीत असेल तरच तो जपणार ना?

मूत्राशय काढलेल्यांचंही तेच. अनेकांची लघवी आतड्याच्या तुकड्यातून पोटावरच्या पिशवीत येते. त्या पिशवीतल्या लघवीत जंतू सापडणं नेहमीचं असतं. हे माहीत नसलेला डॉक्टर रिपोर्ट बघून ताप किंवा त्रास काही नसताना अँटिबायोटिक सुरू करतो. बेशुद्ध रुग्णाच्या मूत्रमार्गातून नळी घालायला गेलेल्या नर्सलाही आत मूत्राशयच नाही हे आधी कळायला हवं.

नेहमीची उत्तरं

"पूर्वीच्या ऑपरेशनांत लिहिलेलं असतं." असतं, तिसऱ्या पानावर, एका ओळीत. पण ऑपरेशन होऊन गेलं. अवयव नसणं मात्र आजचं आहे आणि उद्याचंही. ते आजच्या निदानांच्या यादीत हवं.

"डॉक्टरांना वेळ नसतो." बिलाचे कोड लिहायला वेळ मिळतो, त्यात एका ओळीची भर घालायला कितीसा लागणार?

"विमा कंपनीला कळलं तर?" ही भीती मी समजू शकतो. पण सोनोग्राफीत किडनी दिसली नाही की गोष्ट उघड होतेच. पूर्वीच्या आजारासाठी प्रतीक्षेचा काळ २०२४ च्या नियमांनुसार जास्तीत जास्त ३६ महिने आहे. माहिती लपवून दावा नाकारला जाण्यापेक्षा ही प्रतीक्षा बरी.

तुम्ही काय मागायचं?

१. डिस्चार्ज घेताना विचारा: "कोणता अवयव, कोणत्या बाजूचा, कधी आणि का काढला, हे निदानाच्या रकान्यात लिहिलंय का?" नसेल तर लिहून घ्या. बाजू अक्षरात लिहून घ्या, कारण झेड ९०.५ या कोडमधून डावी-उजवी कळत नाही.

२. किडनी दान केली असेल तर तुम्ही रुग्ण नाही, तरी ही नोंद तुम्हालाही लागू आहे.

३. एक कार्ड पाकिटात ठेवा: "मला डावी किडनी नाही" किंवा "मला मूत्राशय नाही, पोटावर पिशवी आहे". घरच्यांच्या मोबाईलमध्येही त्याचा फोटो असू द्या.

४. एक किडनी असेल तर वर्षातून एकदा रक्तदाब, क्रिएटिनिन आणि लघवीतलं प्रथिन तपासून घ्या. दुखण्यावरची गोळी दुकानातून परस्पर घेऊ नका.

एका किडनीवर माणूस उत्तम आणि दीर्घ आयुष्य जगू शकतो, घाबरण्याचं कारण नाही. पण उरलेली किडनी सांभाळायची असेल, तर ती एकटी आहे हे पुढच्या प्रत्येक डॉक्टरला कळलं पाहिजे. रुग्णालयाने ते स्वतःहून लिहायला हवं. तोवर तुम्ही मागून घ्या. हा उपकार नाही, तुमचा हक्क आहे.