बांगड्या कुणाच्या, यश कुणाचे?

मुलगा पदवीधर झाला, भाच्याला पहिली नोकरी लागली किंवा शेजारच्या मुलाने नोकरी सोडून स्वतःचे काहीतरी सुरू करायचे ठरवले, की आजकाल पेढ्यांबरोबर एखादे पुस्तकही हातात ठेवले जाते. बहुतेक वेळा ते यशाचे पुस्तक असते. रेल्वे स्टेशनवरच्या स्टॉलवर, ग्रंथप्रदर्शनात, कोपऱ्यावरच्या वाचनालयात या पुस्तकांना आता स्वतंत्र फळी मिळाली आहे. शिव खेरा यांचे १९९८ मधले 'यू कॅन विन' मराठीत 'यश तुमच्या हातात' या नावाने आले आणि घरोघर पोहोचले. रश्मी बन्सल यांनी २००८ मध्ये 'स्टे हंग्री स्टे फूलिश'मध्ये अहमदाबादच्या आयआयएममधून बाहेर पडून उद्योग उभारणाऱ्या पंचवीस जणांच्या कथा सांगितल्या. दोन वर्षांनी 'कनेक्ट द डॉट्स'मध्ये एमबीए न करता धंद्यात उतरलेले वीस जण आले. वर्गीज कुरियन यांचे आत्मकथन 'माझंही एक स्वप्न होतं' मराठीत वाचायला मिळते. टाटा घराण्याची कहाणी सांगणारे गिरीश कुबेर यांचे 'टाटायन' २०१५ मध्ये आले.

ही पुस्तके वाचणारा तरुण त्यात जिद्द शोधतो, धाडस शोधतो, पहिली ऑर्डर कशी मिळाली ते शोधतो. त्याच्या आईने किंवा बायकोने तेच पुस्तक उघडले, तर तिची नजर मात्र वेगळ्याच पानावर थांबते. असे एक पान या पुस्तकांत पुन्हा पुन्हा भेटते. कुणाकडेच भांडवल नसते, बँक दारात उभे करत नाही, आणि मग घरातली एखादी स्त्री आतल्या खोलीतून काहीतरी घेऊन बाहेर येते. कधी त्या बांगड्या असतात, कधी साडीच्या घडीत साठवलेल्या नोटा असतात. पुढच्या ओळीत नायक कामाला लागलेला असतो आणि ती स्त्री पुन्हा आत गेलेली असते.

जोहराच्या बांगड्या

डॉ. ए. पी. जे. अब्दुल कलाम यांनी अरुण तिवारी यांच्यासह लिहिलेले 'विंग्ज ऑफ फायर' १९९९ मध्ये प्रसिद्ध झाले. मराठीत ते माधुरी शानबाग यांच्या अनुवादातून 'अग्निपंख' म्हणून आले. हे उद्योगपतीचे पुस्तक नव्हे, पण नेतृत्वावरच्या पुस्तकांत त्याचे नाव आजही वर असते. १९७९ मध्ये एसएलव्ही-३ चे पहिले उड्डाण फसले, तेव्हा प्रमुख सतीश धवन यांनी पत्रकारांसमोर अपयश स्वतःच्या अंगावर घेतले. १९८० मध्ये यश आले तेव्हा मात्र त्यांनी कलामांना पुढे केले. व्यवस्थापनाच्या वर्गांत हा प्रसंग हटकून सांगितला जातो.

त्याच पुस्तकात कितीतरी पाने आधी दुसरा एक प्रसंग आहे. मद्रास इन्स्टिट्यूट ऑफ टेक्नॉलॉजीत प्रवेश तर मिळाला, पण त्यासाठी लागणारे सुमारे हजार रुपये वडिलांकडे नव्हते. तेव्हा थोरली बहीण जोहरा हिने आपल्या सोन्याच्या बांगड्या आणि साखळी गहाण ठेवली. स्वतःच्या कमाईतून त्या बांगड्या सोडवायच्या, असा निश्चय कलामांनी केला. हे ऋण त्यांनी आपल्या पुस्तकात मोकळेपणाने नोंदवले, हा त्यांचा मोठेपणा. पण वर्गात धवनांचा प्रसंग सांगणाऱ्यांपैकी किती जण जोहराचाही सांगतात? जबाबदारी स्वतःकडे घेणे हे नेतृत्व असेल, तर भावाच्या शिक्षणासाठी अंगावरचे सोने उतरवणारीही त्याच धड्यात बसायला हवी.

दहा हजार दिले, अडीचशे राखले

दुसरी गोष्ट पुण्यातली, १९८१ सालची. नारायण मूर्ती आणि त्यांचे सहा सहकारी यांनी इन्फोसिस सुरू करायचे ठरवले, पण मूर्तींकडे पैसा नव्हता. सुधा मूर्ती यांनी आपल्या साठवणीतले दहा हजार रुपये काढून दिले. हा प्रसंग त्यांनी स्वतः अनेकदा सांगितला आहे, म्हणून तो सर्वांना पाठ आहे. त्यातल्या दोन बारकाव्यांकडे मात्र सहसा लक्ष जात नाही.

पहिला असा, की त्यांच्याजवळ दहा हजार दोनशे पन्नास रुपये होते आणि वरचे अडीचशे त्यांनी अडीअडचणीसाठी मागे ठेवले. दुसरा असा, की त्यांनी तीन वर्षांची मुदत घातली. तेवढा काळ घर त्या चालवणार होत्या. त्यांच्याकडे वालचंद समूहात चांगली नोकरी होती, म्हणून हे शक्य झाले. म्हणजे हा केवळ भाबडा त्याग नव्हता. किती द्यायचे, किती राखायचे आणि किती काळ वाट पाहायची, हे सगळे ठरलेले होते. धंद्याच्या भाषेत याला गुंतवणूकदाराची शिस्त म्हणतात. पुढे पती-पत्नींनी एकाच कंपनीत असू नये, असा निर्णय नारायण मूर्ती यांनी घेतला आणि स्वतः उत्तम इंजिनिअर असलेल्या सुधाताई कंपनीबाहेर राहिल्या. या निर्णयावर घराघरांत आजही दोन मते पडतात.

कोहिनूरपेक्षा मोठा हिरा

दागिने गहाण ठेवण्याची वेळ फक्त मध्यमवर्गावर येते, असे नाही. आर. एम. लाला यांच्या 'द क्रिएशन ऑफ वेल्थ' या १९८१ मधल्या पुस्तकात टाटा उद्योगसमूहाचा इतिहास आहे. त्यातले १९२४ चे वर्ष वाचताना छातीत धडकी भरते. पहिल्या महायुद्धानंतर जमशेदपूरच्या पोलाद कारखान्याचा मोठा विस्तार हाती घेतला होता. नेमके तेव्हाच खर्च वाढले, भाव कोसळले, आणि १९२३ च्या भूकंपाने जपानसारखे महत्त्वाचे गिऱ्हाईक खचले. कामगारांच्या पगाराला पैसे नाहीत, अशी तार आली. सर दोराबजी टाटा यांनी आपली सुमारे एक कोटी रुपयांची सारी खासगी मालमत्ता इम्पीरियल बँकेकडे तारण ठेवली. त्यात पत्नी मेहरबाई यांचे दागिनेही होते. त्यातलाच एक ज्युबिली हिरा, २४५ कॅरेटचा, आजच्या कोहिनूरच्या दुपटीहून मोठा.

कारखाना तरला, कर्ज फिटले. मेहरबाई १९३१ मध्ये रक्ताच्या कर्करोगाने गेल्या, दोराबजी पुढच्याच वर्षी गेले. त्यांची संपत्ती ट्रस्टकडे आली आणि तो हिराही विकला गेला. याच ट्रस्टने १९४१ मध्ये परळला टाटा मेमोरियल रुग्णालय उभे केले. देशभरातले रुग्ण आजही तिथे येतात. गहाण पडलेल्या दागिन्याचा इतका चांगला शेवट क्वचितच वाचायला मिळतो.

परत न आलेले सोने

आणि न झालेल्या चांगल्या शेवटांचे काय? दादासाहेब फाळके यांच्या 'राजा हरिश्चंद्र'साठी सरस्वतीबाईंनी दागिने दिले. एवढ्यावर त्या थांबल्या नाहीत. फिल्मला छिद्रे पाडणे, रसायने कालवणे ही कामे त्यांनी शिकून घेतली आणि चमूतल्या सगळ्यांचा स्वयंपाकही सांभाळला. १९१३ मध्ये चित्रपट झळकला आणि एक नवा उद्योग देशात जन्माला आला. पण दादासाहेबांच्या हाती तो पैसा टिकला नाही. १९४४ मध्ये नाशिकला त्यांचे निधन झाले, तेव्हा घरात सुबत्ता नव्हती.

फाळके निदान इतिहासात राहिले. ज्यांचा धंदा बुडाला आणि नावही उरले नाही, त्यांच्यावर कुणी पुस्तक लिहीत नाही. यशाच्या पुस्तकांची ही सर्वांत मोठी उणीव. त्यांत शर्यत जिंकलेलेच भेटतात. त्याच जिद्दीने धावून पडलेले भेटत नाहीत. बांगड्या दिल्यामुळे यश आले, असा समज त्यातून होतो. प्रत्यक्षात बांगड्या देऊनही बुडालेले संसार प्रत्येक गावात आहेत.

दुसरी वाट

स्त्रीचे सोने म्हणजेच भांडवल, हा काही एकमेव मार्ग नाही. १५ मार्च १९५९ रोजी गिरगावातल्या एका इमारतीच्या गच्चीवर सात गुजराती गृहिणी ऐंशी रुपये उसने घेऊन पापड लाटायला बसल्या. त्यातून लिज्जत उभे राहिले. तिथे लाटणारी प्रत्येक बाई मालकीण असते, नफा-तोटा सारा वाटून घेतला जातो. आज या संस्थेत चाळीस हजारांहून अधिक भगिनी आहेत.

इला भट्ट यांचे 'वुई आर पुअर बट सो मेनी' हे २००६ मधले पुस्तक यासाठीच आवर्जून वाचावे. १९७४ मध्ये अहमदाबादला सेवा बँक निघाली, ती चार हजार कष्टकरी बायकांच्या प्रत्येकी दहा रुपयांच्या भागभांडवलातून. नोंदणीच्या कागदांवर सह्या हव्या होत्या आणि बायकांना लिहिता येत नव्हते. त्यांनी रात्र जागून स्वतःचे नाव गिरवले. उद्योजकतेचा इतका साधा धडा अनेक जाडजूड पुस्तकांत सापडत नाही.

सही करण्याआधी

घरातल्या कुणी असे पुस्तक वाचून धंद्यात उडी घ्यायचे ठरवले, तर त्याला अडवू नये. पण पुस्तकात नसलेल्या दोन-तीन गोष्टी त्याच्याबरोबर घरानेही समजून घ्याव्यात. स्त्रीधन हे स्त्रीचे स्वतःचे असते. ते नवऱ्याकडे ठेवायला दिले म्हणून त्याचे होत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने १९८५ मध्ये प्रतिभा राणी खटल्यात स्पष्ट केले. २०२४ मध्ये न्यायालयाने पुन्हा सांगितले, की अडचणीच्या काळात पती ते वापरू शकतो, पण ते किंवा त्याची किंमत परत करण्याचे नैतिक बंधन त्याच्यावर राहते.

कर्जाला जामीन राहताना तर अधिकच सावध असावे. करार कायद्यानुसार जामीनदाराची जबाबदारी सामान्यतः कर्जदाराइतकीच असते. 'नुसती सही तर करायची आहे' असे म्हणून पुढे केलेला कागद पूर्ण वाचल्याशिवाय परत देऊ नये. आणि दागिने द्यायचेच ठरले, तर वजन, तारीख व परत करण्याची मुदत एका वहीत लिहून दोघांनी खाली सही करावी. यात अविश्वास मुळीच नाही. भागीदारांत जो हिशेब असतो, तोच इथे. बायकोकडून घेतलेल्या पैशाचा हिशेब ठेवणारा माणूस गिऱ्हाइकाचा आणि सरकारचाही हिशेब नीट ठेवील.

पुस्तक भेट देताना पहिल्या कोऱ्या पानावर 'यशस्वी भव' असे लिहिण्याची आपल्याकडे पद्धत आहे. त्याखाली आणखी एक ओळ लिहायला हरकत नाही : या पुस्तकात कुणाचे काय गहाण पडले, ते शोध, आणि ते सोडवले का, तेही बघ.