दुःख म्हणजे ईमानाची कमतरता नव्हे

आम्ही सौंदडचे, उर्दू शाळेत शिकविणारे. वर्गातली पोर हळूच सांगते, 'अम्मी रात्रभर रडते, जेवत नाही.' आणि घरात आम्ही मोठी माणसे काय म्हणतो? 'साया आहे', 'नमाज चुकवते म्हणून', 'सबर कर'. तावीज बांधतो आणि मोहल्ल्याला कळू नये म्हणून दार लावून घेतो.

दुःख ही ईमानाची कमतरता असेल, तर हजरत याकूब यांचे काय? यूसुफच्या विरहात त्यांची दृष्टी गेली. हजरत खदीजा आणि अबू तालिब वारले, त्या वर्षाला 'दुःखाचे वर्ष' असेच नाव पडले. पैगंबरांनी अश्रू लपविले नाहीत, आणि आजारावर इलाज करा असेही सांगितले.

६ ऑगस्ट २००१ रोजी तामिळनाडूत एरवाडीच्या दर्ग्याजवळच्या एका आश्रमात आग लागली. साखळदंडांमुळे मनोरुग्णांना पळता आले नाही. २८ जण गेले. दर्ग्याच्या आशेने त्यांना आणणारे परके नव्हते, घरचेच होते.

दुआ जरूर करा, पण डॉक्टरकडेही न्या. १४४१६ या सरकारी क्रमांकावर मोफत सल्ला मिळतो. टायफॉइडला गोळी चालते, मग मनाच्या आजाराला का नाही?

सबर शिकायचा असेल तर आधी आमच्या जिभांनी शिकावा.